रूळ ओढणारे हात : बाळू पालवणकर

विजयाची नोंद धावफलकावर होते. मैदान सिद्ध करणाऱ्या हातांची नोंद सहसा होत नाही. बाळू पालवणकर यांचे जीवन यास अपवाद ठरले.

१८७६ साली धारवाड येथे चर्मकार कुटुंबात त्यांचा जन्म झाला. पुण्यात पारशी खेळाडूंच्या मैदानाची निगा राखून त्यांना महिन्याला ३ रुपये मिळत. पुढे इंग्रजांच्या पूना क्लबमध्ये ४ रुपये वेतनावर खेळपट्टीवर रूळ फिरवणे, सरावाची जाळी उभारणे आणि साहेबांना तासन्‌तास चेंडू टाकणे हे त्यांचे काम झाले. तेथे बॅट मात्र त्यांच्या हाती कधी आली नाही. तरीही ग्रेगसारख्या निष्णात फलंदाजासमोर रोज गोलंदाजी करताना त्यांच्या डावखुऱ्या फिरकीला धार चढली.

ही कीर्ती ऐकून पुण्याच्या हिंदू संघाने त्यांना खेळायला बोलावले. त्यांच्या हातचा चेंडू सर्वांना चाले. चहा मात्र त्यांना मंडपाबाहेर, वेगळ्या मातीच्या पात्रात मिळे. १९०६ साली हिंदू संघाने युरोपियनांना हरवले, त्यात त्यांचा मोठा वाटा होता. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी ११४ बळी घेतले. तरीही हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना लाभले नाही. तो मान १९२३ साली धाकटे बंधू विठ्ठल यांना मिळाला. १९५५ साली बाळू निवर्तले.

हीरक महोत्सवी वर्षात गुणवंतांची नामावली वाचताना मैदान आखणारे, घंटा वाजवणारे हातही आपण स्मरावेत. आणि त्या हातांतील गुण वेळीच ओळखण्याची दृष्टी आपल्यापाशी असावी.