‘पुंडलिका’चे निर्माते, पुण्याचे दादासाहेब

भारतीय चित्रपटसृष्टीत दादासाहेब म्हटले की फाळके हेच नाव ओठांवर येते. ते योग्यही आहे. परंतु आपल्या मराठी मुलखात आणखी एक दादासाहेब होऊन गेले. त्यांनी फाळक्यांच्या आधी वर्षभर एक कथापट पडद्यावर आणला, बोलपटाच्या उदयकाळी इतरांना यंत्रसामग्री मिळवून दिली आणि पुण्यात स्वतःचा स्टुडिओ उभारून चित्रपटाचा पहिला रौप्यमहोत्सव घडवला. त्यांचे नाव रामचंद्र गोपाळ तोरणे. चित्रपटाचे वेड असलेल्या या शहरात मी लहानाचा मोठा झालो. ‘प्रभात’ची तुतारी आमच्या घरात सर्वांना ठाऊक होती, पण तोरण्यांचे नाव कधी फारसे निघत नसे. म्हणूनच आज त्यांच्याविषयी लिहावेसे वाटते.

तोरण्यांचा जन्म १३ एप्रिल १८९० रोजी मालवणचा. लहानपणीच वडिलांचे छत्र हरपले. शाळा जेमतेम काही इयत्ता झाली. त्या काळी कोकणातल्या असंख्य मुलांनी जो रस्ता धरला तोच यांनीही धरला. मुंबई गाठली, विजेच्या कामाची ओळख करून घेतली आणि नोकरी पकडली. गिरणगावातल्या, बंदरावरच्या किंवा पेढीवरच्या चाकरमान्याला संध्याकाळी विरंगुळा असायचा तो नाटकाचा. तोरणे श्रीपाद नाटक मंडळीच्या सहवासात आले. तिथे नाटक आणि विजेचे दिवे या दोन गोष्टी त्यांच्या मनात एकत्र नांदू लागल्या असाव्यात. पुढे चित्रपटात जे करायचे होते, त्याची ही उत्तम उमेदवारीच होती.

मुंबईत चित्रपट तेव्हा नवा राहिला नव्हता. ७ जुलै १८९६ रोजी फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे वॉटसन हॉटेलात दाखवली गेली होती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ मध्ये कुस्तीचे चित्रण केले होते. रँग्लर परांजपे विलायतेहून परतले तेव्हाचे त्यांचे स्वागतही सावेदादांच्या कॅमेऱ्याने टिपले. पण ही सारी घडलेल्या घटनांची चित्रे. गोष्ट सांगणारे देशी चित्र अजून व्हायचे होते.

तोरण्यांनी त्यासाठी रामराव कीर्तिकरांचे ‘श्री पुंडलिक’ हे नाटक निवडले. निवड मोठी हुशारीची होती. मूकपटात शब्द ऐकू येणार नाहीत, तेव्हा गोष्ट प्रेक्षकाला आधीच ठाऊक हवी. आईवडिलांची सेवा करणारा पुंडलिक आणि विटेवर ताटकळत उभा राहिलेला विठोबा ही कथा कोणत्या मराठी माणसाला सांगावी लागते? कॉरोनेशन चित्रपटगृहाचे नानासाहेब चित्रे यांचे पाठबळ लाभले. कॅमेरा चालवायला जॉन्सन नावाचा इंग्रज छायाचित्रकार होता. चित्रित झालेली फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागली. १८ मे १९१२ रोजी गिरगावातील कॉरोनेशनमध्ये सुमारे बावीस मिनिटांचा ‘श्री पुंडलिक’ झळकला. तोरण्यांचे वय तेव्हा अवघे बावीस वर्षांचे.

त्यानंतर वर्षभराने, ३ मे १९१३ रोजी, त्याच कॉरोनेशनमध्ये फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला आणि तिथून भारतीय चित्रपटाचे वय मोजण्याची प्रथा पडली. इथेच वादाची ठिणगी पडते. ‘पुंडलिक’ला पहिला भारतीय कथापट का म्हणू नये? न म्हणणाऱ्यांची कारणे अशी: हे मुळात नाटक, तेच कॅमेऱ्यापुढे केलेले, छायाचित्रकार इंग्रज, फिल्म धुतली विलायतेत. फाळक्यांनी मात्र लंडनहून कॅमेरा आणला, विद्या शिकून घेतली आणि दादरच्या घरी पत्नी सरस्वतीबाईंच्या मदतीने फिल्म धुण्यापासूनची सर्व कामे स्वतः केली. त्यांचा चित्रपट लांबीनेही मोठा होता. शिवाय पुढे त्यांनी चित्रपटांची रांगच लावली.

ही कारणे हलकी नाहीत. फाळके चित्रपटसृष्टीचे जनक आहेत हे मला पूर्णपणे मान्य आहे. पण जनकत्व एक आणि कालक्रम दुसरा. इंग्रजाने कॅमेरा चालवला म्हणून चित्र परके ठरवायचे, तर बोलपटाच्या काळात परदेशी तंत्रज्ञांच्या हातून घडलेले आपले कितीतरी चित्रपट परके ठरतील. निर्माता म्हणजे शेवटी कोण? कथा निवडणारा, पैसा जमवणारा, नटमंडळींना आणि यंत्र चालवणाऱ्याला एका जागी आणणारा आणि तयार झालेली वस्तू प्रेक्षकांपर्यंत नेणारा. बावीस वर्षांच्या तोरण्यांनी यातले प्रत्येक काम केले होते. त्यांना ‘पहिला’ हा मान द्यायचा की नाही यावर दुमत असू द्या. पण चित्रपट-निर्माता या जातीचा माणूस आपल्याकडे कसा घडला हे पाहायचे, तर त्यांच्यापासूनच सुरुवात करावी लागेल.

एवढे करून तोरणे काही लगेच चित्रपटाच्या धंद्यात स्थिरावले नाहीत. पोट नोकरीवर होते. ग्रीव्हज कॉटन कंपनीने त्यांची बदली कराचीला केली. एखाद्याने नशिबाला बोल लावला असता. तोरण्यांनी कराचीत बाबूराव पै यांच्याशी मैत्री जोडली आणि दोघे परदेशी चित्रपट मिळवून दाखवण्याच्या व्यवसायात उतरले. चित्रपट करणे जितके अवघड, तितकेच तो गावोगावी पोचवून पैसे वसूल करणेही अवघड, हा धडा त्यांनी तिथे गिरवला. पुढे मुंबईत पै यांनी ‘फेमस पिक्चर्स’ ही वितरणसंस्था नावारूपाला आणली आणि ते ‘प्रभात’चेही भागीदार झाले. तोरण्यांनी ‘मूव्ही कॅमेरा कंपनी’ काढून परदेशातून चित्रपटाची यंत्रसामग्री आणण्याचे काम आरंभले.

हे काम दिसायला दुकानदारीचे, पण त्याचे मोल फार मोठे. अमेरिकेत चित्रपट बोलू लागला होता. आपल्याकडच्या मूकपटवाल्यांपुढे प्रश्न होता, आता करायचे काय? आवाज मुद्रित करणारे यंत्र महाग, ते चालवायचे कसे हे कोणालाच नीट ठाऊक नाही, आणि बोलपट कोणत्या भाषेत करायचा हाही पेच. अशा वेळी इंपीरियल कंपनीच्या आर्देशीर इराणींना बोलपटाकडे वळवण्यात आणि त्याची सामग्री मिळवून देण्यात तोरण्यांचा हात होता, असे चित्रपटाच्या इतिहासाचे जाणकार सांगतात. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ बोलू लागला. जवळून आगगाड्या जात, म्हणून त्याचे बरेचसे चित्रण रात्री उरकावे लागले आणि मायक्रोफोन लपवता लपवता मंडळींच्या नाकी नऊ आले. ज्यांनी यंत्रे पुरवली त्यांची नावे पडद्यावर येत नाहीत. लग्नाच्या पंगतीत वाढपी सर्वांना दिसतो, आचारी कोणाला दिसत नाही, तसेच हे.

त्याच वर्षी तोरण्यांनी पुण्यात ‘सरस्वती सिनेटोन’ ही स्वतःची बोलपट कंपनी स्थापन केली. ‘प्रभात’ कोल्हापूर सोडून पुण्यात आली १९३३ मध्ये. म्हणजे पुणे ही बोलपटनगरी होण्याचा ओनामा तोरण्यांनी गिरवला होता. पहिल्या मोठ्या कामासाठी त्यांनी भालजी पेंढारकरांना दिग्दर्शनाची सूत्रे दिली आणि १९३२ मध्ये ‘श्यामसुंदर’ पडद्यावर आला. कृष्ण झाला शाहू मोडक, नगरच्या एका ख्रिस्ती घरातला चौदा वर्षांचा गोड गळ्याचा मुलगा. राधा झाली शांता आपटे. दोघेही तेव्हा लोकांना अनोळखी. आज वाटते तेवढी ही निवड सोपी नव्हती. ख्रिस्ती मुलाला कृष्ण करायचे आणि नवख्या पोरापोरींवर सारे भांडवल लावायचे, याला छाती लागते.

प्रेक्षकांनी मात्र या कृष्णाला डोक्यावर घेतले. मुंबईच्या वेस्ट एंड चित्रपटगृहात ‘श्यामसुंदर’ पंचवीस आठवड्यांच्या पुढे गेला. एकाच चित्रपटगृहात पंचवीस आठवडे म्हणजे रौप्यमहोत्सव, आणि भारतीय चित्रपटात हा मान मिळवणारा पहिला चित्रपट म्हणून ‘श्यामसुंदर’ची नोंद आहे. पुढे शाहू मोडकांनी कितीतरी चित्रपटांत कृष्ण साकारला, ‘प्रभात’च्या ‘माणूस’मध्ये गणपत हवालदार रंगवला आणि १९४० मध्ये ते ‘संत ज्ञानेश्वर’ झाले. शांता आपटे यांनी १९३७ च्या ‘कुंकू’मधील नीरेच्या भूमिकेतून साऱ्या देशाला हलवून सोडले. कीर्तीचा कळस ‘प्रभात’मध्ये चढला, पण पायाचे दगड ‘सरस्वती’त बसवले गेले होते.

१९३३ मध्ये ‘आऊट घटकेचा राजा’ आला. राजपुत्र आणि त्याच्यासारखाच दिसणारा गरीब मुलगा यांची ही गोष्ट. दोन्ही भूमिका शाहू मोडकांनी केल्या. आपल्या बोलपटातील ही पहिली दुहेरी भूमिका समजली जाते. त्यापाठोपाठ ‘भक्त प्रल्हाद’, ‘छत्रपती संभाजी’, ‘सावित्री’, ‘राजा गोपीचंद’ असे चित्रपट ‘सरस्वती’ने दिले. पुराण, इतिहास आणि थोडा विनोद असा हा फराळ. घरातल्या सर्वांनी मिळून पाहावा असा. शेजारी ‘प्रभात’सारखी बलाढ्य संस्था उभी असताना एका माणसाच्या हिमतीवर चालणारी कंपनी दहा-बारा वर्षे टिकवणे ही गोष्ट साधी नव्हती. ‘प्रभात’मागे चार-पाच कर्तबगार भागीदार होते. इथे नफा झाला तरी एकाचा आणि खोट आली तरी तीही एकाचीच.

चाळिशीच्या दशकात काळ फिरला. महायुद्धात कच्च्या फिल्मवर नियंत्रण आले, तर दुसरीकडे युद्धाचा पैसा धंद्यात शिरला आणि नटनट्यांचे दर वाढले. पगारी कलावंतांचा ताफा बाळगणाऱ्या जुन्या पद्धतीच्या संस्था एकेक करून खचल्या. ‘प्रभात’सुद्धा यातून सुटली नाही, मग ‘सरस्वती’ची काय कथा! तोरणे हळूहळू या व्यवसायातून बाजूला झाले. १९ जानेवारी १९६० रोजी त्यांचे निधन झाले.

त्यांच्या आयुष्याची गोष्ट वाचताना मला फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएसची आठवण होते. चंद्रावरच्या सफरीचे चित्र काढणारा हा निर्माता स्वतःच्या पैशाने आणि स्वतःच्या स्टुडिओत शेकडो चित्रे करत होता. पुढे बुडाला आणि पॅरिसच्या एका रेल्वे स्थानकात खेळणी विकत बसला. पण तिथल्या रसिकांनी त्याला हयातीतच शोधून काढले आणि १९३१ मध्ये सरकारने मोठा सन्मान दिला. त्याची बरीच चित्रे आज पाहता येतात. ‘पुंडलिक’ची फिल्म मात्र शिल्लक नाही. ‘आलम आरा’चीही नाही. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात १९६४ मध्ये सुरू झाले, तोवर पहिल्या पिढीच्या कामातले बरेच काही हरवले होते. वस्तू हाती नसली की वाद वाढतात, आणि मग उरतात फक्त जाहिराती, तारखा आणि कोणी सांगितलेल्या आठवणी.

२०१३ मध्ये भारतीय चित्रपटाची शताब्दी ‘राजा हरिश्चंद्र’पासून मोजून साजरी झाली. त्या सुमारास तोरण्यांच्या कुटुंबीयांनी आणि काही चित्रपटप्रेमींनी त्यांच्या वाट्याच्या मानाची मागणी केली. निकाल काय लागायचा तो लागो. मला वाटते, दोन दादासाहेबांना एकमेकांपुढे उभे करण्याची गरजच नाही. एकाने कला उभी केली. दुसऱ्याने तिला यंत्रे, बाजारपेठ, नवे चेहरे आणि पुण्यासारखे घर मिळवून दिले. घरातल्या मुलांना फाळक्यांची गोष्ट सांगताना मालवणच्या या विजेच्या कामगाराचीही सांगावी. शाळा अर्धवट सुटलेल्या मुलाने हाती आलेल्या प्रत्येक नोकरीतून आणि बदलीतून काहीतरी शिकून घेतले, एवढे जरी मुलांच्या लक्षात राहिले तरी पुष्कळ झाले.