माग काढणारा मिकी फ्री

आज मी तुम्हाला मिकी फ्री याची गोष्ट सांगणार आहे. ही गोष्ट खरी आहे. आम्हाला ती गुरुजींनी सांगितली.

अमेरिकेत ॲरिझोना नावाचा वाळवंटी मुलूख आहे. तिथे पाऊस फार कमी, पण निवडुंग घरापेक्षा उंच वाढते. शेजारी मेक्सिको देश आहे. मिकी तिकडे जन्मला. त्याचे खरे नाव फेलिक्स. पुढे तो ॲरिझोनात सावत्र बापाच्या मळ्यावर राहू लागला.

१८६१ च्या जानेवारीत अपाची लोकांची टोळी आली. तिने गुरे पळवली आणि फेलिक्सलाही नेले. तेव्हा तो साधारण १२ वर्षांचा होता. माझा दादा एवढाच आहे.

बापाला वाटले, हे कोचीस नावाच्या अपाची पुढाऱ्याचेच काम. त्याने फौजेकडे तक्रार केली. बॅस्कम नावाचा तरुण अंमलदार शिपाई घेऊन गेला. कोचीसने सांगितले की मुलगा माझ्याकडे नाही, पण मी शोधायला मदत करतो. ते खरेच होते. पण बॅस्कमने ऐकलेच नाही. तो त्याला पकडायला लागला. कोचीस सुरीने तंबू फाडून पळाला. त्याची माणसे मात्र अडकली. मग दोन्हीकडच्या कैद्यांना मारले. तिथून लढाई पेटली, ती १८७२ साली थांबली. ११ वर्षे!

फेलिक्स दुसऱ्याच अपाची टोळीत वाढला. त्यांची भाषा आणि माग काढणे शिकला. १८७२ साली तो फौजेत वाटाड्या झाला. तिथे त्याला मिकी फ्री म्हणू लागले. त्याला एकाच डोळ्याने दिसायचे. तरी तो घोडदळाच्या पुढे जाऊन मोडलेले गवत, हललेला दगड बघायचा. १८८३ साली फौज जेरोनिमोला शोधायला मेक्सिकोच्या डोंगरात गेली, तेव्हा तो दुभाष्या होता. ज्या लोकांत वाढला त्यांचाच माग काढायचा, हे मला बरे वाटले नाही. त्यालाही अवघड गेले असेल. १९१४ साली तो अपाची मुलखातच वारला.

मागच्या वर्षी माझी पट्टी हरवली. मी शेजारच्या मुलावर आळ घेतला. आम्ही आठ दिवस बोललो नाही. मग पट्टी माझ्याच दप्तराच्या तळाशी निघाली. म्हणून मला वाटते, आधी नीट माग काढावा, मग बोट दाखवावे.

इयत्ता ४ थी