बाळशास्त्री जांभेकर : दोन रकान्यांचा पेपर आणि जातीबाहेर पडलेलं पोर

एटापल्ली : 6 जानेवारी आली की पत्रकार दिन होतो. बाळशास्त्री जांभेकरांच्या फोटोला हार, दोन भाषणं, चहा, आणि मंडळी घरी. त्यांना आद्य पत्रकार म्हणतात हे सगळ्यांना ठाऊक आहे. पण या माणसाने नेमकं केलं काय, हे भाषणात फारसं येत नाही.

बाळशास्त्रींचा जन्म 1812 चा. गाव पोंभुर्ले, आजच्या सिंधुदुर्ग जिल्ह्यातल्या देवगड तालुक्यात. वडील गंगाधरशास्त्री पुराण सांगत. संस्कृत घरीच झालं. मग पोरगा मुंबईला गेला, इंग्रजी शिकला आणि विशीतच पेपर काढायला निघाला.

मुंबईत तेव्हा पेपर नव्हते असं नाही. साहेबांचे होते, गुजरातीत 'मुंबई समाचार' 1822 पासून निघत होता. मराठीची जागा मात्र रिकामी होती. 6 जानेवारी 1832 ला 'दर्पण' निघालं. (आपला चांद्याकडचा मुलूख त्या वेळी नागपूरच्या भोसल्यांकडे होता.)

या पेपरची गंमत त्याच्या पानात होती. एका रकान्यात मराठी, शेजारच्या रकान्यात इंग्रजी. लोकांचं म्हणणं साहेबाला वाचता यावं आणि बाहेरच्या जगात काय चाललंय ते आपल्या माणसाला कळावं, असा दुहेरी हिशोब. घरी माडिया बोलायचं आणि तहसीलमध्ये अर्ज मराठीत द्यायचा, हे ज्याच्या वाट्याला आलंय त्याला या दोन रकान्यांचं मोल वेगळं सांगायला नको.

आधी पंधरा दिवसांनी निघणारा अंक मे 1832 पासून दर आठवड्याला निघू लागला. पण वाचता येणारे थोडे, पैसे देऊन वाचणारे त्याहून थोडे. पेपरवर पोट भरण्यासारखं काही नव्हतं. सोबतीला गोविंद विठ्ठल कुंटे म्हणजे भाऊ महाजन होते. बाळशास्त्री 1834 मध्ये एल्फिन्स्टन कॉलेजात प्राध्यापक झाले. दादाभाई नौरोजी त्यांचेच विद्यार्थी. विधवांनी पुन्हा लग्न करावं की नाही, हा विषय 'दर्पण'ने तेव्हा छापला, जेव्हा घरात तो काढायचीही सोय नव्हती. 1840 मध्ये 'दर्पण' बंद पडलं. त्याच वर्षी त्यांनी 'दिग्दर्शन' हे मासिक काढलं, त्यात विज्ञान, भूगोल, इतिहास असे विषय असत.

पण आमच्या मते त्यांची खरी परीक्षा पेपर बंद झाल्यावर झाली. 1843 ची गोष्ट. नारायण शेषाद्री परळीकर हा तरुण ख्रिस्ती झाला होता. त्याचा धाकटा भाऊ श्रीपाद, अजून लहान पोर, तोही मिशनऱ्यांकडे राहायला गेला. बाप कोर्टात गेला. कोर्टाने पोरगं बापाच्या हवाली केलं. आता घरी न्यायचं, एवढंच राहिलं होतं ना? पण तिथेच अडलं. मिशनऱ्यांच्या घरचं अन्न खाल्लेलं पोर जातीत कसं घ्यायचं, म्हणून सनातनी मंडळी आडवी आली. बाळशास्त्री स्वतः ब्राह्मण, शास्त्र शिकलेले. गप्प बसले असते तर कोणी बोट दाखवलं नसतं. ते पोराच्या बाजूने उभे राहिले. प्रायश्चित्त देऊन त्याला परत घ्यावं, असा आग्रह त्यांनी धरला आणि ते करवून दाखवलं. राग साहजिकच त्यांच्यावर निघाला. जे त्यांच्यासोबत होते त्यांनाही बहिष्काराची भीती दाखवली गेली.

दुसरीकडे हाच माणूस जुने ताम्रपट, शिलालेख वाचत बसायचा. 1845 मध्ये ज्ञानेश्वरी पहिल्यांदा छापून निघाली, तीही त्यांनीच काढलेली. पोथी उतरवून घ्यायला एक माणूस महिनोन्‌महिने बसायचा, तिथे आता शिळाछापावर प्रती निघू लागल्या.

पुढच्याच वर्षी, मे 1846 मध्ये, आजाराने ते गेले. वय जेमतेम 34. तोवर भाऊ महाजनांनी 'प्रभाकर' नावाचा स्वतःचा पेपर सुरू करून पाच वर्षं होत आली होती, आणि तो चालू होता.