लिनो ब्रोका : घरातले दुःख पडद्यावर आणणारा दिग्दर्शक



फिलिपाइन्स हा आशियातील सर्वांत मोठा कॅथलिक देश. तेथील टागालोग चित्रपटांत घरगुती कलह हा नेहमीचाच विषय. शेवटी सर्वजण रडतात, आई पदराखाली घेते आणि सारे गोड होते. आपल्याकडेही हे नवीन नाही! लिनो ब्रोका यांनी मात्र आपल्या उत्तम चित्रपटांत असा सोपा समेट नाकारला.

त्यांचा जन्म १९३९ साली सोरसोगोन प्रांतातील पिलार येथे झाला. वडील लहानपणीच गेले. तरुणपणी मॉर्मन पंथ स्वीकारून ते मिशनरी म्हणून हवाई बेटांवर गेले आणि मोलोकाई येथील कुष्ठरोग्यांमध्ये काही महिने राहिले. संत डेमियन यांनी १८८९ साली देह ठेवला ते हेच बेट. मायदेशी परतल्यावर ते रंगभूमीकडे वळले आणि १९७० साली त्यांचा पहिला चित्रपट आला.

१९७४ सालच्या त्यांच्या चित्रपटाचे नाव दानिएलच्या पुस्तकातील भिंतीवरच्या लिखाणावरून घेतले आहे. एक कुष्ठरोगी आणि एक वेडी स्त्री यांना गाव हिणवत असते. त्या स्त्रीच्या वेडाला आपलेच प्रतिष्ठित वडील कारणीभूत आहेत, हे एका मुलाला उमगते. तराजूत कमी भरते ते गाव.

१९७६ साली ‘इन्सियांग’ आला. मनिलाच्या तोंदो झोपडपट्टीत राहणारी आई आपल्या तरुण प्रियकराला घरी आणून ठेवते. तो मुलीवर अत्याचार करतो. मुलगी आईला सांगते. पण आई विश्वास ठेवते त्याच्यावर! माझ्या मते खरा घाव हाच. घरातले घरातच राहू द्या म्हणणाऱ्यांनी हा प्रसंग जरूर पाहावा. पुढे मुलगी सूड म्हणून आईच्याच हातून त्याचा खून घडवून आणते.

१९७८ साली हा चित्रपट कान महोत्सवात दाखवला गेला. मार्कोस राजवटीला देशाचे असे दर्शन रुचणारे नव्हते. १९८५ साली जीपनीचालकांच्या संपाला पाठिंबा दिल्याबद्दल ब्रोकांना तुरुंगवास घडला. त्याच वर्षी त्यांना मॅगसेसे पुरस्कारही मिळाला. १९९१ साली मोटार अपघातात त्यांचे निधन झाले.

‘इन्सियांग’ची प्रत २०१५ साली दुरुस्त करण्यात आली. तिच्या शेवटी मुलगी तुरुंगात आईला भेटायला जाते, सर्व कबूल करते, मायेची याचना करते. आई तिला जवळ घेत नाही.