ज्याने खासदारकी पणाला लावली, तो शिकारी: डेव्ही क्रॉकेट

१९५५ साली डिस्नेचा चित्रपट आला आणि अमेरिकेतल्या मुलांना रॅकूनच्या कातड्याच्या टोपीचं वेड लागलं. पण खरा डेव्ही क्रॉकेट कोण होता?

१७८६ साली आजच्या टेनेसीत, गरीब घरात त्याचा जन्म झाला. शाळा नावापुरतीच. अस्वलांचा शिकारी म्हणून नाव झालं. १८१३ मध्ये अँड्र्यू जॅक्सनच्या सैन्यातून तो क्रीक आदिवासींविरुद्ध लढला. १८२७ मध्ये खासदार झाला.

पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या त्याच जॅक्सनने १८३० मध्ये आदिवासींना त्यांच्या जमिनीवरून हटवणारा कायदा आणला. टेनेसीच्या खासदारांपैकी एकट्या क्रॉकेटने विरोधात मत दिलं. कायदा झालाच, आणि १८३१ ची निवडणूक तो हरला. १८३३ मध्ये जिंकला, १८३५ मध्ये पुन्हा हरला आणि टेक्सासला गेला. ६ मार्च १८३६ रोजी अलामो इथे मेक्सिकोच्या सैन्याने त्याला मारलं. तेव्हा तो ४९ वर्षांचा होता.