मोत्यांच्या गालिच्याचा धनी : खंडेराव महाराज गायकवाड

वडोद्यातील खंडेराव मार्केट कोणाला ठाऊक नाही? भाजी घेण्यासाठी, फुलांसाठी किंवा महापालिकेतील कामासाठी तिथे रोज शेकडो लोक जातात. ही इमारत सयाजीराव महाराजांच्या काळात उभी राहिली आणि तिला नाव मिळाले त्यांच्या आधीच्या एका राजाचे. हे खंडेराव कोण होते, हे मात्र तिथे येणाऱ्यांपैकी फार थोड्यांना सांगता येईल. जगाच्या रत्नबाजारात हेच नाव आजही आदराने घेतले जाते, कारण मोत्यांच्या संग्रहाच्या इतिहासात त्यांच्याइतका हौशी आणि धाडसी संग्राहक क्वचितच झाला.

खंडेराव हे दुसऱ्या सयाजीरावांचे पुत्र. त्यांचा जन्म १८२८ मधला. वडिलांनंतर थोरले बंधू गणपतराव गादीवर आले. १८५६ च्या नोव्हेंबरात त्यांचे निधन झाले आणि राज्य खंडेरावांकडे आले. अवघ्या सहा महिन्यांत उत्तर हिंदुस्थानात उठाव पेटला. खंडेरावांनी इंग्रजांची बाजू घेतली आणि गुजरात शांत राहिला. त्याचा मोबदला त्यांना मिळाला. फौजेच्या खर्चापोटी दरसाल इंग्रजांना द्यावी लागणारी तीन लाखांची रक्कम माफ झाली, पुढे दत्तक घेण्याची सनदही आली. या निर्णयाचे मोल कोणी कसेही करो, त्याने वडोद्याचे राज्य वाचले आणि खजिना मोकळा झाला, एवढे खरे.

त्याच सुमारास अमेरिकेत यादवी युद्ध सुरू झाले. तिथला कापूस अडकला आणि गुजरातच्या कापसाला सोन्याचा भाव आला. मुंबईत पैशाचा पूर लोटला. अशा काळात गादीवर असलेल्या, मुळातच उमद्या आणि खर्चिक स्वभावाच्या राजाने हात आखडता घेतला असता तरच नवल. खंडेरावांना कुस्तीचा विलक्षण नाद होता. मल्ल, हत्तींच्या झुंजी, शिकार यांनी त्यांचा दरबार गजबजलेला असे. फ्रेंच प्रवासी लुई रुसले याने १८६० च्या दशकात वडोद्याला मुक्काम केला आणि या दरबाराचे तपशीलवार वर्णन युरोपच्या वाचकांपुढे ठेवले. मात्र केवळ चैनी राजा असे त्यांचे चित्र रंगवणे अन्यायाचे होईल. १८६२ मध्ये डभोई ते मियागाम असा अडीच फुटी रुळांचा लोहमार्ग त्यांच्याच राज्यात घातला गेला. प्रारंभी त्यावर गाड्या ओढायला बैल होते, पण हिंदुस्थानातील अरुंद रेल्वेचा आरंभ म्हणून त्याची नोंद आहे. मकरपुऱ्याचा राजवाडाही त्यांच्याच कारकिर्दीतला.

तरीही त्यांचे खरे वेड रत्नांचे होते. ब्राझीलमध्ये १८५३ साली सापडलेला आणि पैलू पाडल्यावर सुमारे १२८ कॅरेट भरलेला ‘स्टार ऑफ द साउथ’ हा हिरा त्यांनी विकत घेतला. त्याची किंमत ऐंशी हजार पौंड सांगितली जाते. हिऱ्यांपेक्षाही त्यांचे नाव अधिक जोडले गेले ते मोत्यांशी. गायकवाडांचा सातपदरी कंठा हा त्या घराण्याच्या जवाहिरखान्याचा मुकुटमणी मानला जाई. त्यात एकसारख्या आकाराचे, एकसारख्या पाण्याचे टपोरे मोती ओवलेले होते. त्या काळी मोत्यांची पैदास करण्याची विद्या नव्हती. प्रत्येक मोती समुद्राच्या तळाशी शिंपल्यात आपसूक घडलेला असे. त्यामुळे एकमेकांशी जुळणारे मोठे मोती जमवायला अनेक वर्षे आणि अफाट पैसा लागे.

हे मोती येत इराणच्या आखातातून. आपण त्यांना बसऱ्याचे मोती म्हणतो, कारण त्यांचा व्यापार बसरा बंदराच्या नावाने चाले. प्रत्यक्षात ते बहारीन आणि कतारच्या किनाऱ्यालगतच्या शिंपल्यांच्या थरांतून निघत. उन्हाळ्यात लाकडी होड्या समुद्रात जात. नाकाला चिमटा लावून, पायाला दगड बांधून पाणबुडे तळाशी उतरत आणि एका श्वासात हाताला लागतील तेवढे शिंपले गोळा करत. हंगामापूर्वी घेतलेल्या उचलीपायी त्यांतले कित्येक जन्मभर कर्जात अडकलेले असत. त्यांनी वर काढलेला माल मुंबईच्या बाजारात येई. तिथे मोती वेधले जात, निवडले जात आणि राजेरजवाड्यांकडे रवाना होत.

१८६५ च्या सुमारास खंडेरावांनी अशाच मोत्यांचा एक गालिचा करवून घेतला. लांबी सुमारे २.६४ मीटर, रुंदी सुमारे १.७३ मीटर. रेशीम आणि हरणाच्या कातड्यावर मोहरीएवढ्या बारीक मोत्यांची दाट भरणी. त्यांची संख्या पंधरा ते वीस लाखांच्या घरात असल्याचा अंदाज आहे. मधोमध हिऱ्यांची तीन मोठी फुले, कमानींची नक्षी, वेलबुट्टीसाठी रंगीत काचमणी आणि जागोजागी माणके, पाचू, नीलमणी. या गालिच्याबरोबर आणखी काही गालिचे आणि एक छत असा पूर्ण संच होता, अशी नोंद आढळते.

हा खटाटोप कशासाठी? मदिनेतील पैगंबरांच्या समाधीवर अर्पण करण्यासाठी तो संच तयार झाला, असे पूर्वापार सांगितले जाते. १९०२-०३ च्या दिल्लीतील प्रदर्शनात गालिचा मांडला गेला, तेव्हाही त्याची हीच हकीकत नोंदवली गेली. एका मराठा राजाने असा संकल्प करावा, यात गुजरातच्या मातीला नवल वाटण्यासारखे काही नव्हते. येथील कारागिरांनी शिंपल्याच्या चकाकत्या तुकड्यांनी मढवलेल्या पेट्या शतकानुशतके पोर्तुगाल आणि तुर्कस्तानला पाठवल्या. अहमदाबादेत शाह आलम यांच्या समाधीवरील छतातही शिंपकाम आहे. समाधीला मोत्या-शिंपल्यांचा साज चढवण्याची रीत येथे मुरलेलीच होती.

संकल्प मात्र सिद्धीस गेला नाही. २८ नोव्हेंबर १८७० रोजी, अवघ्या बेचाळिसाव्या वर्षी खंडेराव निवर्तले. त्यांच्या पश्चात महाराणी जमनाबाईंना कन्या झाली आणि गादी धाकटे बंधू मल्हारराव यांच्याकडे गेली. कटाच्या आरोपावरून खंडेरावांनी त्यांनाच पाद्र्याला कैदेत ठेवले होते. पाच वर्षांत मल्हाररावही पदच्युत झाले. मग जमनाबाईंनी कवळाण्याच्या गोपाळरावांना दत्तक घेतले. तेच आपले तिसरे सयाजीराव. गालिचा वडोद्यातच राहिला.

१९४९ मध्ये वडोदे संस्थान विलीन झाले. त्याच सुमारास जवाहिरखान्यातील अनेक मौल्यवान वस्तू परदेशी गेल्या होत्या. राजाची खासगी मालमत्ता कोणती आणि रयतेच्या कराच्या पैशातून आलेली कोणती, हा प्रश्न तेव्हा तीव्रतेने पुढे आला. गालिचा महाराणी सीतादेवींबरोबर मोनॅकोला पोहोचला. सातपदरी कंठ्यातील मोत्यांपासून केलेला ६८ मोत्यांचा दुपदरी हार २००७ मध्ये न्यूयॉर्कच्या लिलावात सुमारे ७१ लाख डॉलरांना गेला. २००९ मध्ये दोहा येथे गालिच्याची बोली सुमारे ५५ लाख डॉलरांवर थांबली. आता तो कतारच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे.

ज्या समुद्रातून पाणबुड्यांनी ते मोती काढले, त्याच समुद्राच्या काठी ते परतले आहेत. तेथील लोक त्यात आपल्या पूर्वजांचे कष्ट पाहत असतील. गुजरातच्या रयतेने भरलेला सारा आणि ती लक्षावधी मोत्यांची भरणी करणारे हात यांची आठवण ठेवण्याचे काम मात्र आपल्याकडे उरते. त्या कारागिरांपैकी एकाचेही नाव आज सर्वतोमुखी नाही. खंडेरावांचे नाव निदान बाजाराच्या पाटीवर तरी आहे.