मेहबूब खान आणि ‘अंदाज’चा निवाडा

‘मदर इंडिया’ म्हटलं की मेहबूब खान आठवतात. गुजरातेतल्या बिलीमोऱ्याचा, शाळेचं तोंड फारसं न पाहिलेला हा मुलगा मुंबईत एक्स्ट्रा म्हणून लागला. १९२७ च्या ‘अलिबाबा’त चाळीस चोरांपैकी एक. पण घराघरात वाद व्हावा असा त्यांचा सिनेमा म्हणजे १९४९ चा ‘अंदाज’. नर्गिस, दिलीपकुमार, राज कपूर एकाच पडद्यावर. दिलीप-राज तर पुन्हा कधी एकत्र आले नाहीत.

श्रीमंत घरची नीना दिलीपशी मोकळेपणाने वागते, वडील गेल्यावर कारभारही त्याच्या हाती देते. तो याला मोहब्बत समजून बसतो. लग्नानंतर नवरा राजन संशय घेतो. शेवटी नीनाच्या हातून गोळी सुटते, दिलीप मरतो, ती तुरुंगात जाते. दोष तिच्या नव्या चालीरीतींचा, असं मेहबूब सांगतात. संशयी नवऱ्याला मात्र जवळजवळ माफीच! हा निवाडा आम्हाला तरी पटत नाही.

स्वतः मेहबूब पाच वक्तचे नमाजी, आणि कंपनीच्या चिन्हावर विळा-हातोडा. नव्याजुन्याची ओढाताण त्यांच्या घरातच होती म्हणा ना.

२७ मे १९६४ ला पंडित नेहरू गेले. दुसऱ्याच दिवशी मेहबूबही गेले.